आवाज येतो, पण शब्द कळत नाही: कंपनांची वारंवारता, कान आणि आरोग्य

"डॉक्टर, मला ऐकू येतं हो, पण समोरचा काय बोलतो ते कळत नाही." कानाच्या ओपीडीत हे वाक्य वारंवार ऐकू येते. घरच्यांना वाटते, आजोबा लक्षच देत नाहीत. खरे कारण बहुतेक वेळा कंपनांच्या वारंवारतेत असते.

वारंवारता म्हणजे काय?

आवाज म्हणजे हवेतील कंपने. एका सेकंदात किती कंपने होतात, त्याला वारंवारता म्हणतात आणि ती हर्ट्झमध्ये मोजतात. निरोगी तरुण कानाला साधारण २० ते २०,००० हर्ट्झपर्यंतचे आवाज ऐकू येतात. ढोलाचा ठोका खालच्या वारंवारतेचा, तर शिट्टी वरच्या. आवाज किती मोठा आहे हे डेसिबलमध्ये मोजतात. म्हणजे वारंवारता सांगते आवाज जाड की बारीक, आणि डेसिबल सांगतात मोठा की लहान.

कानात काय घडते?

कंपने कानाच्या पडद्यावर आदळतात, तीन लहान हाडांमधून पुढे जातात आणि कॉक्लिया या शंखासारख्या भागात पोहोचतात. तेथे सूक्ष्म केसपेशी असतात. सुरुवातीच्या भागातील पेशी बारीक आवाज टिपतात आणि टोकाकडील पेशी जाड आवाज. मोठ्या आवाजाने या पेशी थकतात आणि पुढे मरतात. माणसात त्या पुन्हा तयार होत नाहीत.

मोठ्या आवाजाचा पहिला फटका बहुधा ३,००० ते ६,००० हर्ट्झच्या पट्ट्याला, विशेषतः ४,००० हर्ट्झच्या आसपास बसतो. कानाच्या नळीची रचनाच अशी आहे, की साधारण ३,००० हर्ट्झजवळचे आवाज तिच्यात आपोआप वाढतात. म्हणून यंत्राचा आवाज घरघरीचा असला, तरी नुकसान मात्र बारीक आवाज ऐकण्याच्या क्षमतेचे होते.

मराठी बोलताना स्वर खालच्या वारंवारतेत असतात, तर 'स', 'श', 'च' यांसारखी व्यंजने वरच्या. वरचा पट्टा गेला, की 'साठ' आणि 'आठ' किंवा 'सात' आणि 'हात' सारखेच वाटू लागतात. आवाज येतो, शब्द निसटतो. अशा वेळी ओरडून बोलल्याने फारसा उपयोग होत नाही. समोर बसून, सावकाश आणि स्पष्ट बोलावे.

पनवेल परिसरात कोणी विशेष काळजी घ्यावी?

तळोजा एमआयडीसीतील कारखाने, कळंबोलीचा लोखंड बाजार, द्रुतगती मार्गावरील अवजड वाहने, बांधकामे आणि आता नवी मुंबईचा विमानतळ असे आवाजाचे अनेक स्रोत येथे आहेत. ग्राइंडर, प्रेस किंवा ब्रेकरवर काम करणाऱ्यांना सर्वाधिक धोका असतो.

तज्ज्ञांच्या शिफारशीनुसार ८५ डेसिबल आवाजात दिवसाला ८ तासांपेक्षा जास्त राहू नये. आवाज ३ डेसिबलने वाढला, की सुरक्षित वेळ निम्मी होते: ८८ डेसिबलला ४ तास, तर १०० डेसिबलला जेमतेम १५ मिनिटे. हातभर अंतरावरच्या माणसाशी ओरडून बोलावे लागत असेल, तर तो आवाज धोकादायक समजावा.

आवाजामुळे येणारा बहिरेपणा हा कायद्यानुसार नोंद करावयाचा व्यावसायिक आजार आहे. म्हणून कामगारांनी श्रवण तपासणीचे जुने अहवाल जपून ठेवावेत. सतत थरथरणारी यंत्रे धरणाऱ्यांची बोटे थंडीत पांढरी पडत असतील किंवा मुंग्या येत असतील, तर तो कंपनांचा वेगळा त्रास असतो. तेही डॉक्टरांना सांगावे.

डीजेचा दणका छातीत का जाणवतो?

जाड आवाजाच्या लहरी लांब असतात आणि भिंतींतून सहज आत येतात. खिडक्या लावूनही ठोके ऐकू येतात ते यामुळेच. कापसाचा बोळा जवळजवळ निरुपयोगी आहे. फोमचे इअरप्लग नीट बसवले तरच उपयोग होतो. मिरवणुकीत लहान मुलांना स्पीकरच्या भिंतीजवळ नेऊ नये.

रात्रीच्या आवाजाने झोप मोडते. दीर्घकाळ वाहतुकीच्या गोंगाटात राहणे आणि हृदयविकार यांचा संबंध अभ्यासांत आढळला आहे. नियमानुसार निवासी भागात आवाजाची मर्यादा दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल आहे. रात्री १० ते सकाळी ६ ही वेळ रात्र मानली जाते.

'४३२ हर्ट्झ'ने आजार बरे होतात का?

ठराविक वारंवारतेचे संगीत ऐकून पेशी दुरुस्त होतात किंवा मधुमेह बरा होतो, असे दावे मोबाइलवर फिरतात. त्याला भक्कम पुरावा नाही. आवडते संगीत कमी आवाजात ऐकल्याने मन शांत होऊ शकते, ते जरूर ऐकावे. मात्र त्यासाठी चालू औषधे बंद करू नयेत.

डॉक्टर मात्र कंपनांचा वापर तपासणीसाठी करतात. ५१२ हर्ट्झच्या चिमट्याने बहिरेपणाचा प्रकार ओळखायला मदत होते, तर १२८ हर्ट्झच्या चिमट्याने मधुमेही रुग्णाच्या पायातील संवेदना तपासतात.

डॉक्टरांकडे कधी जावे?

• एका कानाने अचानक कमी ऐकू येऊ लागल्यास त्याच दिवशी जावे. मळ किंवा सर्दी समजून थांबू नये; उपचार जितके लवकर, तितकी ऐकू परत येण्याची शक्यता जास्त.
• मोठ्या आवाजानंतर कानात शिट्टी वाजणे किंवा दडे बसणे दुसऱ्या दिवशीही टिकल्यास.
• टीव्हीचा आवाज वाढवावा लागत असल्यास किंवा गर्दीत बोलणे कळत नसल्यास.
• बाळ आवाजाला दचकत नसल्यास किंवा वर्षाचे होऊनही एकही शब्द बोलत नसल्यास.

श्रवण तपासणीत कोणतीही वेदना होत नाही आणि ती साधारण अर्ध्या तासात होते. मुंबईत बांद्र्याच्या अली यावर जंग राष्ट्रीय संस्थेतही ही सोय आहे. गेलेल्या केसपेशी परत येत नाहीत, पण उरलेल्या वाचवता येतात, आणि योग्य श्रवणयंत्राने घरातील संवाद पुन्हा सुरू होऊ शकतो.