गुर्केनझालाट

जर्मनीत घरोघरी होणारी काकडीची थंड कोशिंबीर. विशेषतः उन्हाळ्यात केली जाते. लांब, पातळ सालीच्या काकडीच्या शक्य तितक्या पातळ चकत्या करतात. त्यांना मीठ लावून सुमारे २० मिनिटे ठेवणे ही यातली निर्णायक पायरी. काकडीत सुमारे ९५ टक्के पाणी असते व मीठ त्यातले बरेचसे बाहेर ओढते. चकत्या हलक्या हाताने पिळून ते काढले नाही, तर पदार्थ पानात येईपर्यंत पाणचट होतो आणि व्हिनेगरची चवच हरवते.

पुढची कृती प्रदेशानुसार बदलते. उत्तरेत आंबवलेली साय, थोडे व्हिनेगर, चिमूटभर साखर, मिरपूड आणि सढळ हाताने चिरलेला कच्चा शेपू घालतात. दक्षिण जर्मनीत व ऑस्ट्रियात साय बहुधा टाळून व्हिनेगर, तेल, साखर आणि बारीक कांदा वापरतात. काकडीचा ताजेपणा या प्रकारात अधिक उठून दिसतो. बव्हेरियात व श्वाबियात काकडी बटाट्याच्या सॅलडमध्येही मिसळतात. साय नसल्यास घट्ट, फार आंबट नसलेले दही चालते. श्निट्झेल (तळलेला मांसाचा पातळ काप) किंवा तळलेल्या माशासोबत ही कोशिंबीर वाढतात. साय घातलेली त्याच दिवशी संपवावी.