शेवटच्या दारावरचा राक्षस

व्हिडिओ गेम खेळणाऱ्यांच्या बोलीतला 'बॉस' आणि ऑफिसातला बॉस यांच्यात फार फरक नाही. दोघंही दार अडवून बसलेले असतात आणि दोघांनाही ओलांडल्याशिवाय पुढे जाता येत नाही. फरक इतकाच, की गेममधल्या बॉसकडून शंभरदा मार खाल्ला तरी एकशे एकाव्यांदा त्याला भिडता येतं. ऑफिसात ही सोय नाही!

'सगळ्यात अवघड बॉस कुठला?' हा गेमवाल्यांचा आवडता वाद. आपल्याकडे सचिन की गावसकर यावर जशी रात्र सरते, तसंच. त्या वादात पडायची मला फारशी हौस नाही. पण या अवघडपणाला एक इतिहास आहे आणि तो मला नेहमी गंमतीदार वाटत आलाय. 'अवघड' म्हणजे नेमकं काय, याचं उत्तर गेल्या पन्नास वर्षांत बदलत गेलं आहे, आणि ते का बदललं हे पाहण्यासारखं आहे.

तसं पाहिलं तर ही कल्पना आपल्याला नवीन नाही. जरासंध आठवा. भीम त्याला उभा चिरतो आणि दोन्ही तुकडे पुन्हा जुळून तो उठून बसतो. ताकद भीमाकडे भरपूर आहे, पण नुसत्या ताकदीने काम होत नाही. मग कृष्ण एक काडी उचलतो, मधोमध चिरतो आणि दोन भाग उलटसुलट दिशांना फेकतो. भीमाला इशारा कळतो आणि सामना संपतो. रक्तबीज घ्या, भस्मासुर घ्या, हिरण्यकश्यपू घ्या. प्रत्येकाचं एक कोडं आहे आणि ते सुटेपर्यंत कितीही मारा, उपयोग नाही. आजचा कुठलाही गेम डिझायनर हेच सांगेल.

कॉम्प्युटरवरच्या पहिल्या बॉसचा मान बहुतेक जण 'डीएनडी' नावाच्या गेमला देतात. अमेरिकेतल्या विद्यापीठांना जोडणारी प्लेटो नावाची एक शैक्षणिक संगणक यंत्रणा होती. अभ्यासासाठी दिलेल्या त्या यंत्रणेवर 1975 च्या सुमारास विद्यार्थ्यांनी हा भुयारांचा गेम लिहिला. (विद्यार्थी सगळीकडे सारखेच!) तळाशी एक सोन्याचा ड्रॅगन खजिना राखत बसलेला असे. पुढे 1980 मध्ये 'फिनिक्स' हा आर्केडमधला गेम आला. त्यात पक्ष्यांच्या चार लाटा परतवल्या की पाचव्या फेरीत एक अवाढव्य यान खाली उतरे. त्याचं खालचं कवच गोळ्यांनी कुरतडत जायचं आणि आत बसलेल्याला टिपायचं. मोठा शत्रू, त्याचं कवच आणि आतली नाजूक जागा, हा साचा तिथे पक्का झाला.

आर्केडमधल्या अवघडपणामागे साधा हिशोब होता. मशीनमध्ये नाणं टाकायचं आणि खेळायचं. खेळणारा अर्धा तास टिकला तर मालकाचं नुकसान. त्यामुळे तुम्ही लवकर मरावं पण चिडून निघून जाऊ नये, 'आता थोडक्यात हुकलं' असं वाटून खिशात पुन्हा हात घालावा, अशी ती रचना होती. तिथला अवघडपणा हा गल्ल्याचा अवघडपणा होता.

खेळ घरी आला तेव्हा नाण्याचा प्रश्न मिटला. 1986 मध्ये जपानमध्ये निन्टेन्डोचा 'द लेजंड ऑफ झेल्डा' आला. आज ज्याला अ‍ॅक्शन-अ‍ॅडव्हेंचर म्हणतात त्या जातीच्या मूळपुरुषांपैकी हा एक. यातला शेवटचा शत्रू गॅनन अदृश्य असतो. अंदाजाने तलवार चालवायची आणि शेवटचा घाव मात्र चांदीच्या बाणाचाच. तो बाण आधी शोधून आणला नसेल तर तुम्ही कितीही तरबेज असा, गॅनन मरत नाही. म्हणजे नुसती बोटांची चपळाई पुरेनाशी झाली. पुढच्याच वर्षी आलेल्या दुसऱ्या झेल्डामध्ये शेवटी समोर उभी राहते ती नायकाची स्वतःची काळी सावली. तुमच्याच उंचीची, तुमच्याच तलवारीची. (कोपऱ्यात दबून बसून नुसती तलवार भोसकत राहिलं की ती सावली हरते, ही युक्ती पुढे जगजाहीर झाली. जुगाड काही फक्त आपलाच नाही.)

पण सावलीचा खरा उपयोग केला तो जॉर्डन मेक्नर या अमेरिकन तरुणाने. नव्वदच्या दशकात कॉम्प्युटर क्लासमध्ये सरांची पाठ वळली की काळ्या डॉसच्या पडद्यावर जो गेम सुरू व्हायचा, तो 'प्रिन्स ऑफ पर्शिया' याच माणसाचा. मेक्नरने येल विद्यापीठात शिकत असतानाच 'कराटेका' हा गेम केला होता. 1985 मध्ये त्याने धाकट्या भावाला पांढरे कपडे घालून एका पार्किंगच्या जागेत पळायला, उड्या मारायला लावलं आणि ते व्हिडिओवर टिपलं. मग एकेका चित्रावरून राजपुत्राची हालचाल उतरवून काढली. तलवारबाजी घेतली ती 1938 च्या 'द अ‍ॅडव्हेंचर्स ऑफ रॉबिन हूड' या सिनेमातल्या शेवटच्या द्वंद्वावरून. संगीत दिलं वडिलांनी. सगळा घरगुती मामला!

अडचण अशी होती की राजपुत्राच्या या सुरेख हालचालींनीच अ‍ॅपल टू ची तुटपुंजी मेमरी खाऊन टाकली. शत्रूची वेगळी चित्रं ठेवायला जागाच उरेना. गेममध्ये नुसती उड्यामारी होती आणि सहकारी तर लढाई हवी म्हणून मागे लागलेले. त्यातून वाट निघाली ती अशी. राजपुत्राचीच चित्रं घ्यायची, गणिताच्या एका छोट्या क्लृप्तीने ती किंचित सरकवून स्वतःवरच उलटवायची, की एक चमकती सावलीसारखी आकृती तयार होते. जवळजवळ फुकटात एक शत्रू मिळाला. पुढे काटकसर करून मेमरीत आणखी जागा काढली आणि पहारेकरीही आले, पण गेमचा आत्मा ती सावलीच राहिली. 1989 मध्ये ब्रॉडरबंड कंपनीने गेम बाजारात आणला. अ‍ॅपल टू तेव्हा मावळतीला लागलेला, त्यामुळे सुरुवातीला खप बेताचाच होता. डॉस आणि इतर यंत्रांवर गेल्यावर मात्र त्याने जग जिंकलं.

ज्यांनी हा गेम खेळला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. एकूण बारा टप्पे आणि साठ मिनिटं. चौथ्या टप्प्यात वाटेत एक आरसा येतो. पळत येऊन त्यातून आरपार उडी मारावी लागते, आणि त्याच क्षणी आरशातून तुमची सावली बाहेर पडून उलट दिशेने निघून जाते. पाचव्या टप्प्यात तुम्ही ज्या औषधाच्या बाटलीसाठी जिवाचं रान करता, ती बाटली सावली तुमच्या डोळ्यांदेखत पिऊन टाकते. सहाव्यात ती तुमच्या तोंडावर दार बंद करते आणि तुम्ही खाली कोसळता. बाराव्या टप्प्यात ती तलवार उपसून समोर येते तेव्हा डोक्यात इतका राग साठलेला असतो की कोणीही तुटूनच पडतो. तिला घाव बसतो आणि जीव आपलाही कमी होतो. तिला मारलं की आपणही मेलो.

उपाय काय? तलवार म्यान करायची आणि नुसतं चालत तिच्या अंगावर जायचं. दोघं एकमेकांत मिसळतात. त्यानंतर समोरची पोकळी, जिथे पाय टाकला तर खाली दरी, तिथून नुसतं पळत सुटायचं. पायाखाली एकेक फरशी उमटत जाते.

विचार करा, अकरा टप्पे गेमने शिकवलेलं असतं की तलवारधारी दिसला की तलवार काढा. बाराव्यात तीच सवय सोडायची आहे. याच्यानंतर येणारा वजीर जफर तलवारीत कितीही तरबेज असला, तरी तो नुसता तलवारबाज आहे. मला विचाराल तर खरा शेवटचा सामना सावलीशीच आहे आणि तो न लढता जिंकायचा आहे.

मला वाटतं गेमच्या इतिहासातले सगळे मोठे बॉस याच जातीचे आहेत. ते जास्त वेग मागत नाहीत, एखादी पक्की सवय सोडायला लावतात. 1998 च्या 'मेटल गियर सॉलिड'मधला सायको मँटिस म्हणतो की मी तुझं मन वाचतो, आणि खरंच तुमच्या मेमरी कार्डात कुठले गेम आहेत ते वाचून दाखवतो! त्याला चुकवायचा मार्ग म्हणजे हातातल्या कंट्रोलरची वायर काढून दुसऱ्या खोबणीत लावायची. उत्तर पडद्याच्या बाहेर आहे हे सुचायलाच वेळ लागतो.

2005 मध्ये फुमितो उएदाचा 'शॅडो ऑफ द कोलोसस' आला आणि त्याने तर मुळावरच घाव घातला. यात बारकेसारके शत्रू नाहीतच, फक्त सोळा महाकाय प्राणी. एक तरुण मेलेल्या मुलीला परत आणण्यासाठी त्यांना एकेक करून मारतो. त्यांच्या अंगावरच्या केसांना धरून, लटकत, हात भरून येईपर्यंत चढायचं, हे अवघड आहेच. पण तेरावा प्राणी वाळवंटावर नुसता तरंगत असतो. तो तुमच्यावर हल्ला करतच नाही. आपणच बाण मारून त्याला खाली आणायचं आणि भोसकायचं. तो कोसळतो तेव्हा विजयाचं संगीत वाजत नाही, शोकाचं वाजतं. दर खुनागणिक नायक काळवंडत जातो. हात चालतात पण मन मागे ओढतं, असा हा अवघडपणा आर्केडच्या मालकाला स्वप्नातही सुचला नसता.

आणि मग 2019 मधला 'सेकिरो'. हिदेताका मियाझाकीच्या फ्रॉमसॉफ्टवेअर कंपनीचा. आधीच्या त्यांच्या गेमांत लोक वार चुकवत, लोळत, लांब पळत जगायला शिकले होते. इथे पळणाऱ्याची धडगत नाही. समोर उभं राहून प्रत्येक वार तलवारीवर अचूक वेळी झेलायचा, म्हणजे शत्रूचा तोल ढळतो. शेवटचा इश्शिन अक्षरशः घाम काढतो. आधी त्याचा नातू गेनिचिरो पुन्हा वाटेत येतो, मग म्हातारा स्वतः तीन टप्प्यांत तलवार, भाला आणि वीज घेऊन. या गेमला सोपा पर्यायच ठेवलेला नाही, आणि त्यावरून तेव्हा मोठं रण माजलं. ज्यांची बोटं, डोळे तेवढी साथ देत नाहीत त्यांनी काय करायचं, असं एक बाजू विचारत होती. अवघडपणा काढला तर उरतं काय, असं दुसरी म्हणत होती.

मला पहिल्या बाजूचं म्हणणं जास्त पटतं. 2018 च्या 'सेलेस्ट'ने गेम हवा तितका सैल करून घ्यायची सोय दिली आणि त्याने कोणाचंही काही बिघडलं नाही. अपंग माणसाने वेग थोडा कमी केला म्हणून दुसऱ्याचा विजय उणा होत नाही. पण दुसऱ्या बाजूलाही एक खरी गोष्ट कळलेली आहे. हरण्याची शिक्षा हलकी आणि पुन्हा उभं राहणं फुकट, अशी जागा आपल्याला आयुष्यात फार थोडी मिळते. परीक्षेत, नोकरीत एक नापास पुष्कळदा जन्मभर पुरतो. घरातला मुलगा एकाच राक्षसाकडून चाळीस वेळा मार खाऊन एकेचाळिसाव्यांदा बसतो, तेव्हा 'वेळ वाया घालवतोय' म्हणण्याआधी क्षणभर त्याच्या मागे उभं राहून पाहावं. तो दर वेळी थोडं वेगळं करत असतो. आर्केडवाल्याला हवं होतं त्याचं नाणं, इथे त्याची एक जुनी सवय सुटत असते.

मेक्नरचा मूळ प्रोग्रॅम बरीच वर्षं हरवलेला होता. 2012 मध्ये त्याच्या वडिलांना घरात एका खोक्यात त्या फ्लॉप्या सापडल्या आणि मेक्नरने तो सगळ्यांसाठी खुला केला. आता कोणालाही जाऊन पाहता येतं की ती सावली म्हणजे राजपुत्राचीच चित्रं आहेत, जराशी सरकवलेली. वेगळा शत्रू ठेवायला जागाच नव्हती.

असो. तुमचा सगळ्यात अवघड बॉस कुठला? ऑफिसातला सोडून सांगा.