न दिलेल्या निकालाविरुद्ध दाद

नागपूरच्या न्यायसंस्थेचा इतिहास लिहावयाचा म्हणजे बहुधा इमारतीचे वर्णन होते व न्यायमूर्तींची नामावली दिली जाते. आम्ही येथे वाचकांचे लक्ष एका निराळ्या प्रश्नाकडे वेधू इच्छितो. अधिकारी निकालच देत नाही, तेव्हा अर्जदाराने जावे कोठे?

प्रतिकूल हुकुमावर अपील असते; मौनावर नसते. जुन्या मध्यप्रांतातील निस्ताराचा नित्याचा वाद घ्या. गुरांच्या चराईस किंवा सरपणास मालगुजाराने अडथळा केला, म्हणजे रयत तहसीलदाराकडे आणि तेथून डेप्युटी कमिशनरकडे धाव घेई. हुकूम झाला, तर तो चुकीचा असला तरी वर कमिशनरपर्यंत वाट मोकळी असे. हुकूमच न झाला, तर कागद कचेरीत आणि गुरे उपाशी! कित्येक महसुली बाबी दिवाणी न्यायालयांच्या कक्षेबाहेर ठेविलेल्या होत्या. आणि जेथे सरकारवर दावा लावता येई, तेथेही आधी २ महिन्यांची नोटीस द्यावी लागे.

मुंबई शहरातील मनुष्य याहून सुखी होता. १८७७ च्या स्पेसिफिक रिलीफ कायद्याच्या ४५ व्या कलमान्वये कलकत्ता, मद्रास व मुंबई येथील हायकोर्टांस, त्या त्या शहराच्या हद्दीपुरता, अधिकाऱ्यास आपले कर्तव्य बजावण्याचा हुकूम देता येई. नागपुरास तो अधिकार नव्हता. येथे आधी ज्युडिशियल कमिशनरचे कोर्ट होते. १९३६ च्या जानेवारीत स्वतंत्र हायकोर्ट आले व सर गिल्बर्ट स्टोन पहिले मुख्य न्यायाधीश झाले. १९४० साली हेन्री मेड यांनी योजिलेली भव्य वास्तूही उघडली गेली. (दिल्लीचे सेक्रेड हार्ट कथीड्रल याच मेडसाहेबांच्या कल्पनेतील, हे आपल्या वाचकांस ठाऊक असावे.) परंतु तो अधिकार काही त्या घुमटाखाली आला नाही. एवढ्या वैभवात हे उणे आम्हांस फार मोठे वाटते.

२६ जानेवारी १९५० रोजी संविधान अमलात आले आणि त्याच्या २२६ व्या कलमाने प्रत्येक हायकोर्टास आपल्या संपूर्ण प्रदेशात महादेश काढण्याचा अधिकार दिला. वकीलमंडळी यासच मॅण्डेमस म्हणतात. अर्जदाराने आधी रीतसर मागणी केली होती काय, व निर्णय देणे हे त्या अधिकाऱ्याचे कायदेशीर कर्तव्य आहे काय, हे पाहून न्यायालय त्यास मुदत घालून देऊ शकते. निकाल कोणाच्या बाजूने द्यावा, हे मात्र ते सहसा सांगत नाही. यामुळे पुष्कळांचा हिरमोड होतो. पण हाती लेखी नकार आला, तरी तो घेऊन वरच्या पायरीवर उभे राहता येते, हा लाभ लहान नव्हे.

हा लाभ मिळून ७ वर्षेही झाली नव्हती, तोच १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यपुनर्रचना झाली. विदर्भ मुंबई राज्यात आला व मध्यप्रदेशाचे हायकोर्ट जबलपुरास गेले. नागपुरास खंडपीठ राहिले. १९६० च्या कायद्याने येथे निदान ३ न्यायमूर्तींनी बसावे असे ठरले. तसे न होते, तर चांद्याच्या रानातील अर्जदारास साध्या तारखेसाठी मुंबई गाठावी लागती.

पुढे महाराष्ट्रात २००६ पासून असा कायदाच झाला की, कोणत्याही सरकारी नोकराने फाईल आपल्यापाशी ७ कामाच्या दिवसांहून अधिक ठेवू नये. तरीही केवळ 'निकाल द्यावा' एवढ्याच मागणीचे अर्ज नागपूरच्या खंडपीठापुढे येतच असतात.