पोअर-ओव्हर कॉफी
कागदी गाळणीतील कॉफीपुडीवर गरम पाणी हळूहळू ओतून केलेली कॉफी. ही गाळणी ड्रेस्डेनच्या मेलिटा बेंत्स या गृहिणीने १९०८ मध्ये प्रचारात आणली. नवशिक्याने चिकोरी नसलेली, जाड रव्यासारखी भरड पूड १५ ग्रॅम व पाणी २५० मिलि. घ्यावे. कोल्हापूर समुद्रसपाटीपासून सुमारे ५५० मी. उंच असल्याने तेथे पाणी ९८° से.च्या आसपासच उकळते. त्यामुळे ओतण्यापूर्वी पाणी किंचित निवण्यासाठी आच बंद करून अर्धा मिनिट थांबले तरी पुरते. कागद आधी गरम पाण्याने धुवावा. प्रथम सुमारे ४० मिलि. पाणी घालून अर्धा मिनिट थांबावे. कार्बन डाय-ऑक्साइड निघून ताजी पूड फुगते. फुगली नाही, तर ती शिळी समजावी. उरलेले पाणी बारीक धारेने, गोलाकार ओतावे. सुमारे तीन मिनिटांत कॉफी उतरते. आंबट लागल्यास दळण बारीक, कडू लागल्यास भरड करावे. दुधाने मात्र ही हलकी कॉफी फिकी पडते.