सैतान आधी देवाच्याच दरबारात होता

मंडळी, इथे हॅलोवीन आणि दिवाळी पाठोपाठ येतात, त्यामुळे हा प्रश्न तुमच्याही घरी आला असेल: "आई, आपला डेव्हिल कोण गं? रावण की बळी?" मी घाईत "रावण" म्हणून मोकळी झाले. चुकलंच माझं.

कारण डेव्हिल हा स्वतःच आधी 'डेव्हिल' नव्हता. जुन्या हिब्रू ग्रंथांत 'सातान' हे नाव नाही, साधा शब्द आहे: विरोधक, आडवा येणारा. पलिष्टी सरदार तो दाविदासाठी वापरतात. बलामाची वाट अडवणाऱ्या देवदूतालाही तोच शब्द आहे. ईयोबाच्या गोष्टीत तर तो देवाच्या दरबारातला, सरकारी वकील म्हणा ना! देवाच्या परवानगीशिवाय त्याला ईयोबाला हात लावता येत नाही.

मला सगळ्यात बोलकी वाटते ती दाविदाने केलेल्या शिरगणतीची गोष्ट. २ शमुवेलमध्ये ही गणती करायला दाविदाला चिथावतो तो रागावलेला देव. बाबिलोनच्या बंदिवासानंतर लिहिलेल्या १ इतिहासात गोष्ट तीच, पण चिथावणारा सातान. म्हणजे देवाच्या कोपाचं काम दुसऱ्याच्या गळ्यात पडलं. तेव्हा ज्यू समाज इराणी सत्तेखाली होता आणि तिकडे सत्-असत् यांच्या झगड्याची कल्पना होती. तिचा यात वाटा किती, यावर अभ्यासक अजून भांडतात.

आणि एदेन बागेतला साप? उत्पत्तीच्या पुस्तकात तो नुसता साप आहे. पुढे नव्या करारात प्रकटीकरण 'जुना साप' आणि सैतान एकच म्हणतं. शिंगं-खुरांचं रूप तर मध्ययुगीन युरोपात पक्कं झालं.

आपला 'सैतान' शब्द अरबी-फारसीतून आलेला. गोव्यातली गंमत वेगळीच. ख्रिस्ती कोकणीत डेव्हिल म्हणजे 'देवचार', आणि शेजारच्या हिंदू घरात देवचार म्हणजे रात्री गाव राखणारा राखणदार!

म्हणून लेकीला परत बसवून सांगितलं. रावण दुष्ट वागला खरा, पण भागवतात तो मूळचा विष्णूचा द्वारपाल, शापामुळे खाली आलेला. आणि बळी असुर असला तरी पाडव्याला आपण त्याचंच राज्य येवो म्हणतो.

ती म्हणाली, "मग शाळेत डेव्हिल म्हणून कोणाचं चित्र काढू?"

म्हटलं, बळीचं नको, एवढं नक्की.