गाढव : मन रमवणे व वळण लावणे

ईशान्य आफ्रिकेतील रानगाढवापासून (ईक्वस आफ्रिकानस) सुमारे ७००० वर्षांपूर्वी माणसाळलेला प्राणी. कोरड्या, विरळ चाऱ्याच्या मुलखात हिंडत पाला, काटक्या, साली खुडून जगण्याची त्याची मूळ रीत आहे. मोकळे गाढव दिवसाचे १४ ते १६ तास चरण्यातच घालवते. बांधलेल्या गाढवाचा हाच वेळ रिकामा पडतो. मग ते दोर चावते, कुंपण कुरतडते, सोबतच्या जनावरांना छळते. या खोडींवर मार हा इलाज नव्हे. त्याला उद्योग द्यावा. वाळले गवत किंवा भुसा एकाच जागी न ओतता चार ठिकाणी थोडा थोडा ठेवावा, सालीसकट फांद्या टाकाव्यात (कण्हेर मात्र विषारी आहे), लोळायला कोरड्या मातीची जागा राखावी. चेंडू किंवा रिकामा कॅनही चालतो, पण अधूनमधून बदलावा.

सोबत ही त्याची सर्वांत मोठी गरज. दोन गाढवांची जोडी जमली की ती वर्षानुवर्षे टिकते. ताटातूट झालेले गाढव खाणे सोडते. त्यातून रक्तात चरबी वाढून ते दगावूही शकते. म्हणूनच जोडीदार मेल्यावर त्याचे शव लगेच हलवू नये. मागे राहिलेले गाढव ते हुंगते, ढोसते आणि आपणहून बाजूला होते. जेजुरीला पौष पौर्णिमेच्या सुमारास आणि मढीला कानिफनाथांच्या यात्रेत गाढवांचा बाजार भरतो. तिथे गिऱ्हाईक दात पाहून दर ठरवते. कोणते जनावर कोणाला लागून उभे आहे, हेही पाहावे आणि शक्यतो ती जोडीच घ्यावी.

हट्टीपणाचा शिक्का गाढवावर अन्यायाने बसला आहे. घोडा भ्यायला की उधळतो. गाढव बहुधा जागीच थबकते, कान रोखते, अंदाज घेते. ओढ्याच्या काठी अडलेल्या गाढवाला मागून काठी हाणली, तर त्याला त्या जागेचीच धास्ती बसते. दोर हलका ताणून धरावा, सरावलेले गाढव पुढे घालावे आणि याने एक पाऊल टाकताच दोर सैल सोडावा. असे काही वेळा घडले की ते आपणहून चालते. हातातून खाऊ देण्याने मात्र चावण्याची सवय लागते.

शिंगरू निदान सहा महिने आईजवळ असावे. त्याच्या चाव्यांचे कौतुक करू नये. पुढे तीच खोड दीडशे किलोचे जनावर करते. पैदाशीसाठी नको असलेल्या नराचे वेळेवर खच्चीकरण करावे.

गाढव दुखणे लपवते. शांत जनावर एकाएकी चावू किंवा लाथाडू लागले, तर आधी खूर, दात आणि गोणीखालची पाठ तपासावी. खोड वाटते ते पुष्कळदा दुखणेच असते, आणि पशुवैद्याने ते दूर केल्यावर गाढव पूर्वीसारखे वागू लागते.