बालकलाकाराची ठेव

१९३८ साली ‘प्रभात’च्या ‘गोपाल कृष्ण’मध्ये राम मराठे कृष्ण झाले, तेव्हा त्यांचे वय तेरा-चौदाचे होते. पुढच्याच वर्षी व्ही. शांतारामांच्या ‘माणूस’मध्ये ते चहावाला पोऱ्या म्हणून झळकले. आज मालिकेतल्या एखाद्या चिमुरडीला जी ओळख मिळते, ती त्यांना त्या काळात मिळाली होती. तरी मराठी रसिक त्यांना ओळखतात ते या भूमिकांमुळे नव्हे. ओळखतात ते १९६३ साली आलेल्या ‘मंदारमाला’ या संगीत नाटकाचे गायक नट आणि संगीतकार म्हणून. मधली पंचवीस वर्षे रियाजात गेली. ‘गोपाल कृष्ण’ आणि ‘माणूस’ या दोन्ही चित्रपटांना संगीत मास्टर कृष्णराव फुलंब्रीकरांचे होते, आणि तेच रामभाऊंचे गुरू झाले. पुढे मिराशीबुवा, जगन्नाथबुवा पुरोहित अशा गुरूंकडे शिक्षण चालूच राहिले. पुण्यात जन्मलेले रामभाऊ नंतर ठाणेकर झाले. ठाणे महापालिका आजही त्यांच्या नावाने संगीत महोत्सव भरवते. बालवयातली प्रसिद्धी टिकली की विरली, हा प्रश्न माझ्या मते गौण आहे. ज्या संस्थेने मुलाला कामाला लावले, तिने त्याला काही शिकवले का, एवढेच विचारायला हवे. संगीत नाटक मंडळ्या आणि ‘प्रभात’सारख्या कंपन्या शिकवत होत्या, कारण उद्या हाच पोरगा त्यांना मोठ्या भूमिकेत हवा असे. वाहिनीला तशी गरज नाही. तिला हवे असते ते आजचे निरागस वय, आणि ते सरले की कथानक सरळ दहा वर्षांची उडी घेते.

यावर कोणी म्हणेल की जुन्या मंडळ्यांचे हे गोडवे फुकाचे आहेत. पोरांची शाळा सुटायची, जाग्रणे व्हायची, मारही खावा लागायचा, आणि आवाज फुटला की कित्येक जण पडद्यामागच्या कामाला लागायचे. हे सगळे खरे आहे. त्या काळात परतावे असे कोणी शहाणा सुचवणार नाही, आणि कायद्याने त्यातले बरेच बंदही केले आहे. बालकामगार कायद्याच्या २०१७ च्या नियमांनुसार मुलाला दिवसात पाच तासांपेक्षा जास्त काम देता येत नाही, विश्रांतीशिवाय तीन तासांपेक्षा जास्त राबवता येत नाही, सलग २७ दिवसांहून अधिक काम करवून घेता येत नाही. कमाईतले किमान २० टक्के मुलाच्या नावाने मुदत ठेवीत टाकावे लागतात. चित्रीकरण ज्या जिल्ह्यात, त्या जिल्हा दंडाधिकाऱ्यांची परवानगी लागते. म्हणजे घोडबंदर रस्त्यावरच्या सेटसाठी अर्ज ठाण्यातच येणार. चॅप्लिनच्या ‘द किड’मधल्या जॅकी कूगनची कमाई आईने आणि सावत्र वडिलांनी उडवल्यावर कॅलिफोर्नियाने असा कायदा केला तो १९३९ मध्ये, नेमका ‘माणूस’च्या वर्षी. आपल्याला त्यानंतर पाऊणशेहून अधिक वर्षे लागली. उशिरा का होईना, पैशाची आणि तासांची सोय झाली. तालमीचा मात्र या नियमांत विचार नाही.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. रामभाऊ असामान्य होते, त्यांच्यावरून नियम कसा काढायचा? म्हणून त्यांच्याच घरातले पुढचे उदाहरण पाहू. १९९९ मध्ये अल्फा मराठीवर सुरू झालेल्या ‘आभाळमाया’तली चिंगी, म्हणजे स्वरांगी मराठे, ही रामभाऊंची नात. ती पुढे गाण्यात राहिली. पण इथे तालीम आली ती घरातून. आजोबांची गायकी वडील मुकुंद मराठे यांच्यापर्यंत पोहोचलेलीच होती. आजोबांना गुरू चित्रपटाच्या कंपनीतच भेटला, नातीला तो घरात भेटला. डोंबिवलीच्या चाकरमान्याच्या मुलीने काय करायचे? तिचे आईवडील रजा टाकून, गाड्या बदलत तिला सेटवर नेतात. घरात घराणे नाही, आणि मालिका संपली की हातात मुदत ठेवीची पावती. ही पावती बिनकामाची नव्हे, पण तिने गळा तयार होत नाही की उच्चार सुधारत नाहीत.

प्रत्येक बालकलाकाराने कलावंतच राहावे असा माझा मुळीच आग्रह नाही. अभिनय सोडून कोणी अभियंता झाले, तर त्याला अपयश म्हणण्याची आपली सवयच वाईट. पण सोडणे आणि सुटणे यांत फरक आहे. शिकलेल्या मुलाला निवड असते, न शिकलेल्याला नुसती जुनी ओळख. आणि शिकवण्यासाठी वाहिनीच हवी असेही नाही. रत्नाकर मतकरींनी ठाण्यात वंचितांचा रंगमंच उभा केला तो वस्त्यांतल्या मुलांसाठी, ज्यांच्यापैकी कोणाला कॅमेऱ्याने बोलावले नव्हते. किरण नाकती यांचा अभिनय कट्टाही याच शहरातला. कल्याणात गायन समाज आहे. शहरांकडे शिकवणारे आहेत. कमाई करणारे मात्र शिकवण्याचा खर्च उचलत नाहीत. ठाण्याच्या जिल्हाधिकाऱ्यांनी परवानगीच्या अर्जात आणखी एक रकाना घालावा: या मुलाच्या शिक्षणाची, आवाजाची, अभिनयाची तालीम कोण देणार आणि खर्च कोण करणार? आणि महापालिकेने राम मराठे महोत्सवाच्या खर्चातला एक वाटा अशा मुलांच्या शिष्यवृत्तीसाठी काढून ठेवावा.